अवकाश दाखवायला यान लागतंच का?

पिंगळा: कॅनडाचे प्रयोगशील दिग्दर्शक मायकेल स्नो यांचा 'ला रेजियों सांत्राल' (१९७१) हा चित्रपट काल रात्री अखेर पूर्ण पाहिला. कॅनडातल्या क्वेबेक प्रांताच्या उत्तरेतला ओसाड डोंगरमाथा आणि त्यावर कॅमेरा सर्व दिशांना फिरवणारं, खास बनवून घेतलेलं यंत्र. तीन तास. माणूस नाही, गोष्ट नाही. सुरुवातीला कॅमेरा जवळचे दगडच चाचपत फिरतो, क्षितिज बऱ्याच उशिरा दिसतं. पुढे वर कुठलं आणि खाली कुठलं हेच कळेनासं होतं. रात्रीच्या भागात चंद्र म्हणजे काळ्या पडद्यावर सरकणारा पांढरा ठिपका, बस्स. आपण एका ग्रहाला चिकटून उभे आहोत, हे इतकं आतून मला कुठल्याच अंतराळपटाने जाणवून दिलं नाही. अफाटता दाखवायची तर माणूस चौकटीबाहेर काढावा लागतो, हे माझं ठाम मत.

कातळकडा: साफ असहमत. माणूस काढला की मापच जातं. कुब्रिकचा अंतराळपट '२००१: अ स्पेस ओडिसी' (१९६८) आठवा. त्यातला अंतराळवीर फ्रँक पूल यानाबाहेर येतो तेव्हा फक्त श्वास ऐकू येतो. नंतर पिवळ्या सूटमधला त्याचा देह गरगरत लांब जातो, तेव्हा तो श्वासही नाही. पोकळीतून आवाज जात नाही हे शाळेत शिकलो होतो, पोटात गोळा आला तो तिथे. देह एवढासा, म्हणून पोकळी एवढी. आणि स्नोच्या चित्रपटात शांतता आहे कुठे? ते इलेक्ट्रॉनिक सूर सारखे टोचत राहतात. मी पाऊण तासात उठलो.

पिंगळा: सूर टोचतात, मान्य. पण पूल गेला की आपला जीव पूलसाठी तुटतो. पोकळीला त्याचं सोयरसुतक नसतं. मला पाहायचं आहे ते तिचं हे अलिप्तपण.

उत्तररात्र: पाहिला कशावर, तेही सांगा. लॅपटॉपवर मलाही कंटाळा आला होता. परदेशात शिकत असताना तोच १६ मिलिमीटरच्या फिल्म प्रिंटवर, अंधाऱ्या हॉलमध्ये पाहिला. शेवटी यंत्र वेग घेतं तेव्हा शेजारच्या बाईंनी डोळे मिटून घेतले, मी खुर्चीचा हात घट्ट धरला. निश्चलता जाणवली ती चित्रपट संपल्यावर. बराच वेळ कुणी उठलंच नाही.

कातळकडा: हे वाचून हॉलमध्ये पाहावासा वाटतोय, आणि या वेळी उठणार नाही. पण तुम्ही धरलात तो खुर्चीचा हातच ना? माप शेवटी माणसाच्या अंगाचंच लागलं.