एका दिवसाच्या ट्रेकचं वेळेचं गणित

वाटाड्या:
जाऊन-येऊन १२ किमी, चढाई ९०० मीटर, वरचा भाग खडा. दहा जण, निम्मे नवखे. अशा गटाला उतरताना हमखास अंधार गाठतो. वेळ कशी ठरवावी? आणि सूर्य क्षितिजापासून किती बोटं वर आहे, यावरचा अंदाज कितपत भरवशाचा?

घाटमाथा:
नेस्मिथचा नियम (१८९२) धरा. दर ५ किमीला एक तास, शिवाय दर ६०० मीटर चढाईला एक तास. चढायला ७२ + ९०, म्हणजे २ तास ४२ मिनिटं. उतरायला ७२, पण १२ अंशांहून तीव्र उतारावर दर ३०० मीटरला १० मिनिटं वाढवतात. सगळा उतार तसा धरला तर १०२. हे आकडे सरावलेल्या माणसाचे, तेही थांबे सोडून. म्हणून गुणक काढा. हिशोबाने ५० मिनिटांवर येणारी एक खूण नकाशावर निवडा आणि गटातला शेवटचा माणूस तिथे पोचला की घड्याळ बघा. थांबे वजा करून ६५ लागली तर गुणक १.३. मग चढाई साडेतीन तास, उतराई सव्वादोन. सूर्यास्त साडेसहाला असेल, तर २० मिनिटं थांबे आणि एक तास राखीव धरून परत फिरायची वेळ येते तीन. माथा समोर दिसत असला तरी तीन म्हणजे तीन. हे निघतानाच सगळ्यांना सांगून ठेवा, वर गेल्यावर कोणी ऐकत नाही.

सावली:
‘एक बोट म्हणजे १५ मिनिटं’ हे उच्च अक्षांशांवर जमतं, कारण तिथे सूर्य तिरका मावळतो. हात लांब केल्यावर बोटाची रुंदी साधारण २ अंश भरते. विषुववृत्ताजवळ सूर्य तासाला जवळपास १५ अंश खाली येतो, म्हणजे एका बोटाला आठच मिनिटं! शिवाय पश्चिमेला डोंगर असेल तर ऊन त्याआधीच जातं.

घाटमाथा:
बरोबर. आणि मनाच्या अंदाजावर तर मुळीच जाऊ नका. खड्या टप्प्यावर लक्ष हातापायांत गुंतलं की किती वेळ गेला ते कळत नाही. ‘पाचच मिनिटं’ बसलेला गट पंधरा मिनिटांनी उठतो. थांब्याला टायमर लावा, सॅक उतरवायच्या आधी.

वाटाड्या:
जीपीएस पोचायची वेळ दाखवतं, ती चालेल?

सावली:
बऱ्याच उपकरणांत ती चालू वेगावरून काढलेली असते. सपाटीवर बघितलीत तर फसाल. हेडलॅम्प मात्र प्रत्येकाकडे हवा, दहा जणांत दहा.