शब्दचर्चा: ‘कॉन्फितेओर’ म्हणजे कबूल करतो, की स्तवन करतो?

शमी

नमस्कार मंडळी. आम्ही चौघं दोन वर्षांपासून दर रविवारी सकाळी लॅटिन वाचतो. सिसेरो थोडा झाला, व्हर्जिलच्या ‘एनीड’चा चौथा सर्ग झाला, आणि दिवाळीनंतर सोळाशे वर्षांपूर्वीचा ख्रिस्ती बिशप ऑगस्टिन याचं देवाशी बोलत लिहिलेलं आत्मकथन, ‘कॉन्फेस्सिओनेस’, हाती घेतलं. शिरस्ता असा की वाक्याचं मराठी केल्याशिवाय पुढं सरकायचं नाही आणि इंग्रजी भाषांतर उघडायचं नाही.

शीर्षकाचं मराठी आम्ही फार विचार न करता ‘कबुलीजबाब’ लिहून टाकलं होतं. मग पहिल्या पुस्तकात हे वाक्य आलं आणि पंचाईत झाली:

‘कॉन्फितेओर तिबि, दोमिने काएली एत तेर्राए, लाउदेम दीकेन्स तिबि दे प्रीमोर्दिइस एत इन्फान्तिआ मेआ, क्वाए नोन मेमिनी.’

आमचं मराठी: ‘हे स्वर्गपृथ्वीच्या प्रभो, माझा आरंभ आणि माझं तान्हेपण, जे मला आठवत नाही, त्याबद्दल तुझी स्तुती करत मी तुझ्यापुढं कबूल करतो.’

गटातल्या वकील मैत्रिणीनं तिथंच हात वर केला. जे आठवत नाही ते कबूल कसं करणार? आणि स्तुती करत करत कबुली कोण देतं? तिचं म्हणणं रास्त आहे. त्याच भागात ऑगस्टिन सांगतो की आई आणि दाया यांच्या स्तनांत दूध त्यांनी स्वतः भरलं नव्हतं, त्यांच्या हातून ते तूच मला देत होतास. यात गुन्हा कुठला? पुढं दुसऱ्या पुस्तकात सोळाव्या वर्षी नासपती चोरल्याची हकिगत येते, तिथं ‘कबूल’ चपखल बसतं. ‘कॉन्फितेओर’ हे एकच क्रियापद दोन्हीकडं आहे, आणि शीर्षकही त्याच्यापासूनच झालं आहे. मला दोन्हीकडं चालणारा एकच मराठी शब्द हवा आहे. सुचवा.

बोरू

शमीताई, ‘कबुलीजबाब’ हा सामासिक शब्द फार पोलिसी झाला आहे, तो सोडाच. पण सुट्या ‘कबूल’ला एवढं आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करू नका. अटी कबूल, लग्नाला मुलगी कबूल, जुनी ‘कबुलायत’. यात कुठंही अपराध नाही, फक्त होकार आहे. मूळ अरबी अर्थही स्वीकारण्याचाच. तेव्हा तान्हेपणाबद्दल ‘कबूल करतो’ म्हणजे ‘ते तुझंच देणं होतं, मला मान्य आहे’ असं वाचता येईल.

वाईचे_तात्या

मान्य नाही. ‘देवा, मला तुझं देणं कबूल आहे’ यात भक्त देवावर मेहेरबानी करतोय असं वाटतं. आणि एवढ्या थोर ग्रंथाच्या माथ्यावर फारसी-अरबी कचेरीतला शब्द कशासाठी? आपल्याकडं नेमका शब्द आहे, ‘ख्यापन’. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायात ‘ख्यापनेनानुतापेन तपसाध्ययनेन च, पापकृन्मुच्यते पापात्’ असं आहे. पाप उघड सांगणं म्हणजे ख्यापन. धातू ‘ख्या’, त्यातूनच ख्याती आणि आख्यान. म्हणजे पाप सांगणंही त्यात आलं आणि देवाची कीर्ती गाणंही. तुम्हाला हवे ते दोन्ही अर्थ एका धातूत आहेत.

रानमेवा

तात्या, शब्द देखणा आहे, पण ‘ख्यापन’ असं मुखपृष्ठावर छापलं तर वाचक आत काय आहे हे कशावरून ओळखेल? मला स्वतःला ‘स्थापन’चा छापखान्यातला दोष वाटला असता.

शिवाय हा वाद खुद्द ऑगस्टिननंच निकालात काढला आहे. लॅटिनमध्ये ‘ओस्’ म्हणजे हाड आणि ‘ओऽस्’ म्हणजे तोंड, फरक फक्त स्वराच्या लांबीचा. आफ्रिकेतल्या त्याच्या श्रोत्यांना ऱ्हस्व-दीर्घ कानांनी कळत नसे. म्हणून हाडासाठी ‘ओस्सुम्’ हे गावठी रूप वापरायला त्याची हरकत नव्हती. वैयाकरणांनी नावं ठेवली तरी चालेल, लोकांना कळलं पाहिजे, असं तो स्पष्ट म्हणतो. आणि हा माणूस मिलानमध्ये वक्तृत्वाचा सरकारी अध्यापक होता, त्याला शुद्ध लॅटिन येत नव्हतं असं नाही.

वाईचे_तात्या

तो प्रवचनापुरता नियम आहे. ‘कॉन्फेस्सिओनेस’ची भाषा पाहा. यमकं, अनुप्रास, तोललेली वाक्यं. तो ग्रंथ काही घाटावर बसून सांगितलेला नाही. प्रवचनाला बोली, ग्रंथाला ग्रंथाची भाषा, हा विवेक त्याच्याकडं होता आणि आपल्याकडंही असावा.

वसईचा_नातू

शमीताई, तुमचं वाक्य वाचून दचकलो. ते ऑगस्टिनचं नाहीच, म्हणजे पहिला अर्धा भाग त्याचा नाही. मत्तयाच्या शुभवर्तमानात अकराव्या अध्यायाच्या २५व्या ओवीत येशू म्हणतो, ‘कॉन्फितेओर तिबि, पातेर, दोमिने चेली एत तेर्रे’. (आम्ही चर्चमध्ये ‘चेली’ म्हणतो, तुमचं ‘काएली’ सिसेरोच्या काळचं.) आपल्या मराठी बायबलात तिथं ‘मी तुझे स्तवन करतो’ असं आहे. आणि कशाबद्दल स्तवन? ज्या गोष्टी ज्ञानी लोकांपासून गुप्त ठेवल्या, त्या बालकांना प्रकट केल्या म्हणून. ऑगस्टिन आपल्या तान्हेपणाबद्दल बोलताना नेमकी बालकांची ओवी उचलतो. तिथं ‘कबूल करतो’ लिहिलंत तर हा धागाच तुटतो.

माझे आजोबा वेदीसेवक होते, त्यांना लॅटिन मिस्सा, म्हणजे चर्चमधली मुख्य उपासना, पाठ होती. ‘कॉन्फितेओर’ ही पापकबुलीची प्रार्थना सुरू झाली की ‘मेआ कुल्पा’ला, म्हणजे ‘माझा अपराध’ला, छातीवर तीनदा मूठ आपटायची. म्हातारपणी त्यांना बाकी फारसं आठवत नव्हतं, पण हा शब्द कानावर पडला की हात आपोआप छातीकडं जायचा.

रानमेवा

वसईकर, तुमच्या आजोबांची गोष्ट सोळाशे वर्षांपूर्वी घडलेली आहे! ऑगस्टिनचं याच ओवीवर एक प्रवचन आहे, ६७वं. वाचकानं ‘कॉन्फितेओर’ एवढं उच्चारलं आणि जमलेल्या लोकांनी धडाधड छाती पिटली. ऑगस्टिन त्यांना थांबवून विचारतो: हे कोण बोलतंय ते ऐकलंत का? ख्रिस्त बोलतोय, त्याच्या माथी कुठलं पाप? मग समजावतो की ‘कॉन्फेस्सिओ’ पाप्याची असते तशीच स्तुती करणाऱ्याचीही असते.

म्हणजे ज्यांची मातृभाषा लॅटिन होती त्यांनाही या शब्दाचा अर्धाच अर्थ ऐकू येत होता. हे प्रवचन पहिल्यांदा वाचलं त्या रात्री मला झोप लागली नव्हती.

शमी

वसईचा_नातू आणि रानमेवा, दोघांचे मनापासून आभार. बालकांची ओवी आमच्यापैकी कुणाच्याच ध्यानात आली नव्हती. पण मग नासपतीच्या चोरीचं काय? तिथं ‘स्तवन करतो’ म्हणता येणार नाही.

बोरू

स्तुतीचा अर्थ लॅटिनचा स्वतःचा नाही हे इथं सांगायला हवं. सिसेरोच्या लॅटिनमध्ये ‘कॉन्फितेरी’ म्हणजे मान्य करणं, तेही बहुधा अडचणीचं. रोमन सुभेदार धाकटा प्लिनी इसवी सन ११२च्या सुमारास बिथुनिया प्रांताहून सम्राट त्राजानला लिहितो की ज्यांच्यावर आरोप आला त्यांना मी विचारलं, तुम्ही ख्रिस्ती आहात का. जे ‘कॉन्फितेन्तेस’, म्हणजे कबूल करणारे, होते त्यांना दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा विचारलं. तिथं शब्द शुद्ध कचेरीतला आहे, आपल्या ‘कबूल’सारखाच. पुढं याच अर्थानं न्यायाधीशापुढं ‘मी ख्रिस्ती आहे’ म्हणून जिवंत राहिला तो ‘कॉन्फेस्सोर’ आणि मारला गेला तो ‘मार्तिर’, म्हणजे साक्षीदार. आरोपीची कबुली आणि श्रद्धेची घोषणा एकाच वाक्यात.

स्तुतीचा अर्थ आला हिब्रूतून. स्तोत्रांत जे क्रियापद आहे त्यात आभार, स्तुती, पाप पदरात घेणं असं सगळं मावतं. ग्रीक भाषांतरकारांनी त्याला एक शब्द ठरवला, लॅटिनवाल्यांनी ग्रीकला ‘कॉन्फितेरी’ ठरवला, आणि ‘कॉन्फितेमिनी दोमिनो क्वोनिआम बोनुस’ असं लोक गाऊ लागले. कोर्टातला शब्द त्यांनी ताणत ताणत गाण्यापर्यंत नेला. मग मराठीनं ‘कबूल’ का ताणू नये? फादर स्टीफन्सनं १६१६ साली ‘क्रिस्तपुराणा’त ख्रिस्ती स्वर्गाला ‘वैकुंठ’ म्हटलंच की.

वाईचे_तात्या

तो शब्द पिढ्यान्‌पिढ्या स्तोत्रं गाऊन ताणला गेला, बोरू. एका भाषांतरकारानं एका मुखपृष्ठावर ताणून तो ताणला जात नाही. स्टीफन्सच्या आधी ‘वैकुंठ’ हा शब्द शतकानुशतकं भक्तीत भिजलेला होता. ‘कबूल’ कशात भिजला आहे? स्टॅंपपेपरवरच्या शाईत.

ओवी_ओवी

त्याच ‘कॉन्फितेमिनी दोमिनो’चं मराठी बायबलात काय केलं आहे ते पाहा: ‘परमेश्वराचे उपकारस्मरण करा, कारण तो चांगला आहे.’ उपकारस्मरण! किती गोड शब्द आहे. माझी सासू रोज संध्याकाळी म्हणायची.

शमी

ओवीताई, शब्द खरंच गोड आहे. पण वाक्याच्या शेवटी ‘क्वाए नोन मेमिनी’ आहे, ‘जे मला आठवत नाही’. स्मरण आणि ‘आठवत नाही’ एकाच वाक्यात आले की अर्थच उलटा होतो.

शब्दवेडा

मूळ धातूकडं कुणी पाहिलंच नाही. ‘कॉन्फितेरी’मधला ‘फातेरी’ हा ‘फारी’ म्हणजे बोलणं, ‘फामा’ म्हणजे लोकांत होणारी बोलवा, या घरातला. त्याच प्राचीन धातूशी संस्कृत ‘भण्’चं नातं जोडतात आणि ‘भण्’पासून आपलं ‘म्हणणे’. म्हणजे ‘फातेओर’ आणि ‘म्हणतो’ हे चुलतभाऊ. सरळ ‘मी तुझ्यापुढं म्हणतो’ करा. कीर्तनात ‘अभंग म्हणतो’ यात स्तुती आहे, ‘मी चुकलो म्हणतो’ यात कबुली आहे.

रानमेवा

चुलतभाऊ असले तरी दोघांचे व्यवसाय वेगळे असू शकतात. ‘फातुम’ म्हणजे दैव हाही त्याच घरातला शब्द, म्हणून ‘म्हणणे’त दैव येतं का? ‘म्हणतो’ इतका रोजचा शब्द आहे की त्यातून काहीच उमटणार नाही.

कऱ्हाकाठ

सगळे एकेका शब्दामागं लागलात. मला वाटतं इथं प्रकार शोधायला हवा. देवाला समोर बसवून, स्वतःचे दोष सांगत, त्याच श्वासात त्याची थोरवी गाणारं मराठीत काय आहे? रामदासांची करुणाष्टकं. ‘अनुदिनि अनुतापें तापलो रामराया, परमदिनदयाळा नीरसी मोहमाया.’ पहिल्या ओळीत कबुली, दुसऱ्या ओळीत स्तवन. तुकोबांचा ‘याती शूद्र’ हा आत्मचरित्राचा अभंग इथं लागू पडत नाही, कारण तो संतांनी विचारलं म्हणून संतांना सांगितला आहे. ऑगस्टिन तेराच्या तेरा पुस्तकं देवाशीच बोलतो. म्हातारपणी आपल्या ग्रंथांचा आढावा घेताना तो या तेरा पुस्तकांबद्दल लिहितो की ती माझ्या वाईटाबद्दल आणि चांगल्याबद्दलही न्यायी आणि भल्या देवाची स्तुती करतात. म्हणजे नासपतीसुद्धा स्तुतीतच आली, शमीताई.

बोरू

हे पटलं. पण ग्रंथाचं नाव ‘करुणा’ ठेवणार का? शेवटची तीन पुस्तकं काळ म्हणजे काय आणि उत्पत्तीच्या पहिल्या ओव्या यांवर आहेत, तिथं करुणाष्टक चालत नाही. ‘आत्मनिवेदन’ कसं?

कऱ्हाकाठ

ती नववी भक्ती. तिचा अर्थ ठरलेला आहे, मीपण उरतच नाही. ऑगस्टिनमध्ये ‘मी’ ओळीओळीला उभा आहे.

मांडवीतीर

गोव्यातून लिहिते. आमच्याकडं हा प्रश्न कधी पडला नाही, कारण आम्ही पोर्तुगीज ‘कॉन्फेस्सार’ घेतला आणि धर्मगुरूपुढं पाप सांगण्याला ‘कुमसार’ म्हणू लागलो. माझी मावशी ईस्टरच्या आधी कुमसाराला जायची, तेव्हा घरात कुणी मोठ्यानं बोलत नसे. ‘पापनिवेदन’ ऐकलं की मला नोटीस आल्यासारखं वाटतं, ‘कुमसार’मध्ये मला मावशीचा पांढरा ओल, चर्चला जाताना पांघरायचं वस्त्र, दिसतो. परका शब्दही असा आपला होतो.

वाईचे_तात्या

ताई, आपल्या भावनेचा आदर आहे. पण असं प्रत्येक शब्दाला करत गेलो तर ‘बाप्तिस्मा’, ‘मिस्सा’, ‘नाताळ’ यांच्यामध्ये मराठीला फक्त विभक्तिप्रत्यय लावायचं काम उरेल. ‘स्नानसंस्कार’ हा काय वाईट शब्द आहे?

वसईचा_नातू

वाईट मुळीच नाही तात्या, आम्ही तोच वापरतो. पण लॅटिनवाल्यांचीही हीच दशा होती. तेर्तुलिआनुस हा ख्रिस्ती लेखक इसवी सन २००च्या आसपास कार्थेजमध्ये ‘तिन्क्तिओ’ म्हणजे बुडवणं असा देशी शब्द वापरून पाहत होता, टिकला ग्रीक ‘बाप्तिस्मा’च. ‘एक्लेसिआ’ (चर्च), ‘आंगेलुस’ (देवदूत), ‘एपिस्कोपुस’ (बिशप) सगळे तसेच. उलट ग्रीक ‘सोतेर’, म्हणजे तारणारा, एका लॅटिन शब्दात सांगता येत नाही असं सिसेरो म्हणाला होता, ख्रिस्ती लोकांनी ‘साल्वातोर’ घडवला आणि तो रुळला. उसना कुठला टिकेल आणि घडवलेला कुठला, हे लिहिणाऱ्याच्या हातात नसतं.

रानमेवा

आणि लोक आपला शब्द सहजी सोडतही नाहीत. ४०३ सालच्या पत्रात ऑगस्टिन बायबलचं लॅटिन भाषांतर करणाऱ्या जेरोमला कळवतो की ओएआ गावात, म्हणजे आजच्या त्रिपोलीत, बिशपनं जेरोमचं नवं भाषांतर वाचायला घेतलं. बायबलातल्या योनाच्या पुस्तकात त्याला सावली देणाऱ्या रोपाला लोक पिढ्यान्‌पिढ्या ‘कुकुर्बिता’, म्हणजे भोपळा, ऐकत आले होते. जेरोमनं केलं ‘हेदेरा’, आयव्हीची वेल. एवढा गोंधळ उडाला की बिशपला जुना शब्द परत आणावा लागला, नाहीतर देऊळ रिकामं झालं असतं.

ओवी_ओवी

अगंबाई! आणि खरं रोप कुठलं होतं?

वाईचे_तात्या

हिब्रू शब्द ‘कीकायोन’. एरंड असावा असं बहुतेक अभ्यासक मानतात. जेरोमनंच वर्णन केलं आहे की द्राक्षासारखी रुंद पानं, झपाट्यानं वाढणारं, आधाराशिवाय आपल्याच बुंध्यावर उभं राहणारं. लॅटिनमध्ये त्याला नाव सापडेना म्हणून ‘हेदेरा’ घातलं. बघा, ग्रंथकर्त्यालाही शब्द अडला की जवळचा घ्यावा लागतो, हे मी आता मान्य करतो. ‘ख्यापन’बद्दलचं मत मात्र कायम आहे.

शमी

रविवारी पुन्हा बसलो. सध्या वहीत ‘तुझ्यापुढं उघड सांगतो’ असं पेन्सिलनं लिहिलं आहे. वकील मैत्रीण म्हणते, यात स्तुती कुठाय? शीर्षकाची जागा कोरी आहे. अजून सुचत असेल तर जरूर लिहा.

कऱ्हाकाठ

तात्या, एरंडच असणार. आमच्या बांधावर पावसाळ्याच्या सुरुवातीला बी पडलं की दसऱ्यापर्यंत माणसाच्या डोक्यावर जातो. पानं तळहातासारखी फाकलेली, पण मोठी, दुपारी त्याखाली बसता येतं. आणि खोड आतून पोकळ. अळी पडली तर दोन दिवसांत पानांच्या नुसत्या शिरा उरतात. योनाच्या गोष्टीतही अळीच लागते ना?