मिठी नदीचं पाणी चढतंय, घरात एकटीच आहे. माळ्यावर बसू की निघू?

कुर्ल्याची_सूनबाई, संध्या. ५.१०
क्रांतीनगरच्या अलीकडे चाळीत तळमजल्याची खोली. हे नाशिकला, सासूबाई गावी. गल्लीत घोटाभर पाणी आहे, पण मोरीतून बुडबुडे यायला लागलेत, म्हणजे पाणी दारातून नाही, आतूनच येणार. उंबऱ्याला वीतभर पाळी बांधून घेतलीय, तिचा मोरीपुढे काय उपयोग! कागदपत्रं आणि डबोलं पिशवीत भरलंय. फ्रिज एकटीला हलत नाही. शेजारच्या काकू म्हणतात थांब, साडेसहाची भरती उतरली की ओसरेल. माळ्यावर चढून बसू का?

जुना_कुर्लेकर, ५.१६
ताई, माळा विसरा. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला ९४४ मिमी पडला तेव्हा आमच्या चाळीत माळ्याची फळी भिजली होती. माणसं पत्रा उचकटून काढली. काकूंचं अर्धं खरं आहे. भरतीत नाल्यांचं पाणी समुद्रात जात नाही, पण विहार तलाव भरून वाहायला लागला की ते पाणीही मिठीतच येतं. वर पाऊस चालू असेल तर ओहोटीच्या भरवशावर बसू नका.
हात कोरडे आहेत तोवर मेन स्विच पाडा. सिलेंडरचा रेग्युलेटर काढा, टोपी लावा आणि सिलेंडर खिडकीच्या गजाला बांधा, नाहीतर तरंगत घरभर फिरतो. फ्रिजचा नाद सोडा.

पाटावरवंटा, ५.१९
मोरीच्या भोकात जुनी चादर कोंबून वर पाटा ठेवा. पाणी थांबत नाही, जोर कमी होतो. पण यात वेळ घालवू नका.

वॉर्डातली_ताई, ५.२२
निघताना चपला नको, पट्ट्याचे सँडल घाला. छत्रीच्या टोकाने पुढची जमीन चाचपत जा, गटाराचं झाकण उघडं असू शकतं. विजेच्या खांबाला हात लावू नका. नंतर पालिकेच्या दवाखान्यात जाऊन लेप्टोच्या (पुराच्या घाण पाण्यातून होणाऱ्या तापाच्या) गोळीचं विचारा. ७२ तासांच्या आत, आणि डॉक्टर सांगतील तशीच. पायाला खरचटलं असेल तर मुद्दाम सांगा.

कुर्ल्याची_सूनबाई, ५.४०
मेन पाडला, सिलेंडर बांधला. पालिकेचा मदतीचा नंबर १९१६ लागला, पालिकेची शाळा उघडलीय म्हणाले. काकू आधी ऐकेनात. त्यांच्याच मोरीतून पाणी आल्यावर पिशवी घेऊन बाहेर आल्या. आता दोघी निघतोय. मोबाइल १८ टक्के, फोन करू नका कुणी.