बिल्टी कोणाच्या नावाची? एका ट्रकवर मालवाहतुकीचा व्यवसाय सुरू करताना लागणाऱ्या नोंदण्यांविषयी

तासगावचा_नवखा

नमस्कार. माझे वडील २६ वर्षे दुसऱ्यांच्या गाड्या चालवत आले. आता स्वतःची गाडी घ्यावी असे आम्ही घरच्यांनी ठरवले आहे. बेळगावमध्ये २०२० साली नोंदलेला, सहा टायरचा, १८.५ टनांचा एक ट्रक पाहून ठेवला आहे. त्यावर बँकेचा बोजा अजून आहे, परंतु व्यवहाराच्या दिवशी तो फेडून देण्याचे विक्रेत्याने मान्य केले आहे. तासगाव आणि सांगलीहून बेदाणा व हळद भरून इंदूर, दिल्लीकडे जायचे आणि परतीचे भाडे मिळेल तसे घ्यायचे, असा विचार आहे.

ओळखीच्या एका जुन्या आडत्याने सांगितले, "बिल्टीबुक छापून घे, एक शिक्का करून घे, झाला तुझा ट्रान्सपोर्ट." त्याप्रमाणे बिल्टीची, म्हणजे माल वाहून नेण्यासाठी घेतल्याबद्दल व्यापाऱ्याला द्यायच्या पावतीची, दोन पुस्तके मी छापूनही घेतली. त्यानंतर मात्र जीएसटी, उद्यम, शॉप ॲक्ट, नॅशनल परमिट, कॉमन कॅरिअर अशी एकेक नावे कानावर येऊ लागली आणि यांपैकी माझ्यासारख्या एका गाडीच्या मालकाला नेमके काय लागू होते, हेच कळेनासे झाले. मेव्हणे निम्मे भांडवल घालायला तयार आहेत, तर भागीदारी करावी का, हाही प्रश्न आहे. शिवाय माझ्याकडे चारचाकीचा परवाना असून त्यावर आता ट्रक चालवता येतो असा मेसेज सगळीकडे फिरतो आहे, तो खरा मानावा का? जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

जुना_बुकिंग_क्लार्क

आडत्याने दिलेला सल्ला जुन्या काळापुरता ठीक होता. आज तो अंगाशी येईल. तुम्ही विचारलेल्या बहुतेक प्रश्नांची उत्तरे एकाच गोष्टीवर अवलंबून आहेत, ती म्हणजे बिल्टी कोणाच्या नावाने फाटणार.

आपण बोलताना मोटरमालक आणि ट्रान्सपोर्टवाला हे शब्द एकमेकांच्या जागी वापरतो, पण कायद्याच्या दृष्टीने ते दोन निराळे व्यवसाय आहेत. तुम्ही तुमची गाडी एखाद्या ट्रान्सपोर्ट ऑफिसला लावली, बिल्टी त्या ऑफिसने फाडली आणि तुम्हाला ठरलेल्या भाड्यापैकी ॲडव्हान्स भरतीच्या वेळी व बॅलन्स पोच आणून दिल्यावर मिळाला, तर तुम्ही मोटरमालक. माल पाठवणाऱ्या व्यापाऱ्याशी तुमचा करार नसतो. पण ज्या दिवशी तुमच्या स्वतःच्या पुस्तकातली बिल्टी तुम्ही व्यापाऱ्याच्या हातात देता, त्या दिवसापासून मालाची जबाबदारी तुमच्या नावावर येते आणि तुम्ही कॅरेज बाय रोड ॲक्ट, २००७ याच्या कक्षेत शिरता.

हा कायदा १ मार्च २०११ पासून लागू झाला आणि त्याने १८६५ चा जुना कॅरिअर्स ॲक्ट रद्द केला. त्यातील कॉमन कॅरिअरची, म्हणजे भाडे घेऊन कोणाचाही माल वाहून नेणाऱ्याची, व्याख्या इतकी रुंद आहे की ज्याच्या मालकीचा एकही ट्रक नाही असा बुकिंग एजंट किंवा दलालही तीत बसतो. अशा प्रत्येकाने परिवहन प्राधिकरणाकडून नोंदणी प्रमाणपत्र घेतल्याशिवाय हा धंदा करू नये, असे कायदा स्पष्ट म्हणतो. प्रमाणपत्र दहा वर्षांसाठी असते. मार्केट यार्डात किती जणांनी ते घेतले आहे हे मला विचारू नका. तुम्हाला नव्याने सुरुवात करायची आहे, तर तुम्ही घ्या.

बिल्टी म्हणजे केवळ पावती नव्हे, हे पटावे म्हणून आमच्या ऑफिसातली एक गोष्ट सांगतो. हळदीची एक गाडी घाटात रात्रभर पावसात अडकली, ताडपत्री फाटली आणि खालच्या थरातली पोती सोडून जवळपास सगळा माल भिजला. माल ६ लाख ४० हजारांचा होता आणि भाडे ३८ हजार ठरले होते. आमच्या पोऱ्याने बिल्टीवर मालाच्या किमतीचा आणि जोखमीचा रकाना कोरा सोडला होता, कारण व्यापाऱ्याला जोखमीचा जादा दर भरायचा नव्हता. नियमाप्रमाणे असा जादा दर घेतलेला नसेल, तर वाहतूकदाराची जबाबदारी भाड्याच्या दहापटीपुरती मर्यादित राहते. म्हणजे इथे ३ लाख ८० हजार. व्यापारी उरलेल्या रकमेसाठी बराच तणतणला. आम्ही संबंध टिकावेत म्हणून पुढच्या चार खेपांत थोडी सूट दिली, पण कागदाने आमचे ऑफिस वाचवले. व्यापाऱ्याला कोर्टात जायचे असेल, तर त्यानेही माल बुक केल्यापासून १८० दिवसांच्या आत लेखी नोटीस द्यावी लागते, हे लक्षात ठेवा.

माझे मत विचाराल तर पहिले वर्षभर गाडी एखाद्या चांगल्या ऑफिसला लावा, व्यापाऱ्यांच्या ओळखी करून घ्या आणि छापलेली पुस्तके कपाटात ठेवा.

करसल्ला_मिरज

वरील उत्तराशी मी सहमत आहे, आणि कराच्या बाजूनेही रेषा तिथेच ओढलेली आहे. जीएसटी कायद्यात रस्त्याने मालाची वाहतूक करून देण्याची सेवा करमुक्त आहे. करपात्र होते ती गुड्स ट्रान्सपोर्ट एजन्सीची सेवा, आणि एजन्सी म्हणजे जी बिल्टी देते ती. तुम्ही गाडी अशा एजन्सीला भाड्याने लावलीत, तर त्या भाड्यावरही कर नाही. म्हणजे केवळ मोटरमालक राहिलात तर जीएसटी नोंदणीचा प्रश्न सहसा उद्भवत नाही.

तुम्ही स्वतः बिल्टी देऊ लागलात, तर दोन वाटा आहेत. पहिल्या वाटेत ५ टक्के कर तुम्ही न भरता माल पाठवणारा किंवा घेणारा नोंदणीकृत व्यापारी, म्हणजे भाडे देणारा, रिव्हर्स चार्जने भरतो. तुमची सगळी गिऱ्हाइके अशीच असतील तर तुम्हाला नोंदणीचीही सक्ती नाही. दुसऱ्या वाटेत कर तुम्ही स्वतः भरता, ५ टक्के इनपुट क्रेडिटशिवाय (म्हणजे स्वतःच्या खरेदीवर भरलेल्या कराची वजावट न घेता) किंवा क्रेडिट घेऊन १८ टक्के. हा वरचा दर २२ सप्टेंबर २०२५ पूर्वी १२ टक्के होता, त्यामुळे जुनी माहिती वाचून हिशेब करू नका. डिझेल जीएसटीच्या बाहेर असल्याने एका जुन्या गाडीवर घेण्यासारखे क्रेडिट फारसे उरतच नाही. ताज्या द्राक्षांसारख्या शेतमालाच्या वाहतुकीला सूट आहे. बेदाणा आणि पॉलिश केलेली हळद यांवर प्रक्रिया झालेली असल्याने ती सूट गृहीत धरून बिल करू नये.

ई-वे बिलाकडे, म्हणजे माल नेण्यासाठी ऑनलाइन काढायच्या जीएसटीच्या कागदाकडे, दुर्लक्ष करू नका, कारण चूक व्यापाऱ्याची असली तरी रस्त्यावर उभी राहते ती गाडी. करपात्र मालाची किंमत ५० हजारांच्या वर गेली की बिल लागते. महाराष्ट्रातल्या महाराष्ट्रात ही मर्यादा १ लाख आहे. दर २०० किलोमीटरला किंवा त्याच्या भागाला एक दिवस, या हिशेबाने त्याची मुदत ठरते. वाटेत गाडी बिघडली आणि माल दुसऱ्या गाडीत भरला, तर ई-वे बिलाच्या भाग ब मध्ये नवा गाडी क्रमांक भरल्याशिवाय पुढे निघू नये. मुदत संपत आली असेल तर ती वाढवून घेण्याची सोय संपण्याच्या आधीचे आठ तास आणि नंतरचे आठ तास एवढीच असते. माल आणि गाडी अडकवून ठेवलीच, तर दंडाची रक्कम किंवा १ लाख रुपये, यांतील जे कमी असेल ते भरून वाहतूकदाराला निदान आपली गाडी सोडवून घेता येते. नोंदणी नसलेल्या वाहतूकदारालाही ई-वे बिलाच्या संकेतस्थळावर ट्रान्सपोर्टर आयडी मिळतो, तो काढून ठेवावा.

आयकरात दहापर्यंत गाड्या असणाऱ्यांसाठी अनुमानित उत्पन्नाची योजना आहे, जी जुन्या कायद्यात कलम ४४एई म्हणून ओळखली जाते. १२ टनांवरील गाडीसाठी दर टनामागे दरमहा १,००० रुपये उत्पन्न धरले जाते, म्हणजे तुमच्या १८.५ टनांच्या गाडीचे दरमहा १८,५०० आणि वर्षाचे २ लाख २२ हजार. हिशेबाच्या वह्या ठेवण्याची कटकट वाचते, परंतु गाडी तुमच्या मालकीची असलेला प्रत्येक महिना मोजला जातो, मग ती त्या महिन्यात गॅरेजमध्ये का उभी असेना. कर्जाचे व्याज आणि घसाराही त्यातून वेगळा वजा होत नाही. दहा किंवा कमी गाड्या असल्याचे लेखी घोषणापत्र पॅनसह ट्रान्सपोर्ट ऑफिसला दिलेत, तर तुमच्या भाड्यातून टीडीएस कापला जाणार नाही. अनेक मोटरमालक हे घोषणापत्र देत नाहीत आणि मग वर्षभर परताव्याची वाट पाहतात.

उद्यम, म्हणजे लहान उद्योगांसाठीची सरकारी नोंदणी, मोफत आहे, ती करून टाका. वीसपेक्षा कमी कामगार असतील तर दुकाने व आस्थापना अधिनियमाखाली (शॉप ॲक्ट) केवळ ऑनलाइन सूचना द्यावी लागते. व्यवसाय कराची नावनोंदणी मात्र विसरू नका.

सहाटायर

मी स्वतः गाडी चालवणारा मालक आहे, म्हणून गाडीच्या कागदांपुरतेच लिहितो.

बेळगावची गाडी म्हणजे परराज्याची गाडी, हे आधी ध्यानात घ्या. बोजा फिटला की बँकेकडून फॉर्म ३५ (बोजा उतरवण्याचा) आणि ना-देय पत्र, बेळगावच्या आरटीओकडून फॉर्म २८ वर ना-हरकत, आणि मालकी हस्तांतराच्या फॉर्म २९ व ३० वर विक्रेत्याची सही हे सगळे हाती आल्याशिवाय पूर्ण पैसे मोजू नका. गाडी महाराष्ट्रात बारा महिन्यांहून जास्त ठेवायची असेल तर इकडचा क्रमांक घ्यावाच लागतो आणि इकडचा करही भरावा लागतो. पैसे देण्यापूर्वी परिवहनच्या संकेतस्थळावर गाडीचा क्रमांक टाकून थकीत ई-चलाने पाहा. माझ्या एका मित्राने ती पाहिली नाहीत आणि गाडीबरोबर आधीच्या मालकाची अकरा चलानेही विकत घेतली. विमा कंपनीला हस्तांतराची सूचना चौदा दिवसांत द्या. तिसऱ्या पक्षाचा विमा आपोआप तुमच्याकडे येतो, पण गाडीच्या स्वतःच्या नुकसानीचा येत नाही.

परमिट गाडीबरोबर विकत मिळत नाही. ३,००० किलोंपर्यंतच्या मालवाहू गाडीला परमिट लागत नाही, तुमच्या गाडीला लागते. इंदूर आणि दिल्लीसाठी नॅशनल परमिट घ्यावे लागेल, त्याचे वर्षाचे एकत्रित शुल्क १६,५०० आणि अधिकारपत्राचे १,००० रुपये आहेत. त्यात एक अट आहे जी परतीच्या भाड्याच्या लोभात विसरली जाते. नॅशनल परमिटवर परराज्यात जाता येते, तिथून माल भरून दुसऱ्या राज्यात आणता येतो, परंतु इंदुरात भरून भोपाळला खाली करता येत नाही, कारण ती दोन्ही ठिकाणे एकाच परराज्यात आहेत.

पासिंग, म्हणजे गाडी रस्त्यावर चालवण्यास योग्य असल्याचे प्रमाणपत्र, आठ वर्षांपर्यंत दोन-दोन वर्षांचे मिळते आणि त्यानंतर दरवर्षी करावे लागते. म्हणजे तुमच्या गाडीला २०२८ पासून. मुदत चुकली की केंद्रीय नियमांप्रमाणे दिवसाला ५० रुपये जादा शुल्क चढत जाते. दंडापेक्षाही मोठी भीती अपघाताची आहे, कारण पासिंग संपलेल्या गाडीचा दावा विमा कंपनी सहजासहजी मान्य करत नाही.

ओव्हरलोडविषयी वडिलांना सांगायला नको, पण आता जोखीम मालकाची आहे. २०१८ च्या जुलैत सहा टायरच्या गाडीचे एकूण वजन १६.२ वरून १८.५ टन झाले; यात गाडीचे स्वतःचे वजन आणि बॉडीही आली. मोटार वाहन कायद्याप्रमाणे मूळ दंड २०,००० आणि जादा प्रत्येक टनाला २,००० रुपये, शिवाय जादा माल उतरवून घ्यावा लागतो. दोन वर्षांपूर्वी माझी गाडी काट्यावर दोन टन जादा भरली. दंड तर गेलाच, वर भर उन्हात चाळीस पोती रस्त्याच्या कडेला उतरवून दुसरा टेम्पो बोलवावा लागला आणि हमाली माझ्याच खिशातून गेली. तेव्हापासून भरतीच्या ठिकाणची काटा पावती हातात पडल्याशिवाय मी ताडपत्री बांधू देत नाही.

परवान्याचा मेसेज अर्धवट आहे. सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये दिलेला निर्णय ७,५०० किलोंपर्यंतच्या गाड्यांपुरता आहे. तुमच्या ट्रकच्या चाकामागे तुम्ही त्या परवान्यावर बसू नका. वडिलांचा जड वाहनाचा परवाना चालू आहे ना, तेवढे पाहा. त्याची मुदत आता पाच वर्षांची असते.

तासगावचा_नवखा

सर्वांचे मनापासून आभार. पहिले वर्ष गाडी ऑफिसला लावायची, असे वडिलांचेही मत पडले. दोनच गोष्टी राहिल्या. मेव्हण्यांचे काय करावे? आणि छापलेली पुस्तके पुढच्या वर्षी वापरता येतील का?

करसल्ला_मिरज

मेव्हण्यांना केवळ पैसे गुंतवायचे असतील, तर ते तुम्हाला कर्ज म्हणून द्यावेत, व्याज ठरवून, धनादेशाने किंवा बँकेतून, आणि गाडी तुमच्या एकट्याच्या नावावर राहावी. त्यांना खरोखर भागीदार व्हायचे असेल, तर ते आताच ठरवा आणि गाडी सुरुवातीपासून फर्मच्या नावावर घ्या. कारण आज तुमच्या नावावर घेऊन उद्या फर्मच्या नावावर करायची म्हटले, की पुन्हा फॉर्म २९ व ३० आणि परमिटच्या हस्तांतरासाठी प्राधिकरणाची परवानगी हे सगळे आले. फर्म केलीत तर ती निबंधकाकडे नोंदवा. नोंदणी नसलेल्या फर्मला १९३२ च्या भागीदारी कायद्याच्या कलम ६९ मुळे थकलेल्या भाड्यासाठी गिऱ्हाइकावर दावा लावता येत नाही, आणि या धंद्यात भाडे थकतेच. फर्मला ४४एईच्या अनुमानित उत्पन्नातून भागीदारांचा पगार आणि व्याज मात्र ठरलेल्या मर्यादेत वजा मिळते.

जुना_बुकिंग_क्लार्क

पुस्तके टाकू नका, पण एक पान फाडून समोर ठेवा. पाठवणाऱ्याचे व घेणाऱ्याचे नाव, मालाचे वर्णन, एकूण वजन, गाडी क्रमांक, कोठून कोठे, एवढे रकाने बहुधा असतीलच. कर कोण भरणार, पाठवणारा, घेणारा की वाहतूकदार, आणि त्याचा जीएसटी क्रमांक, हा रकाना जुन्या छपाईच्या पुस्तकांत नसतो. तो नसेल तर तेवढ्यापुरता एक रबरी शिक्का करून घ्या. मालाची किंमत आणि जोखमीचा दर यांसाठीही जागा आहे का ते पाहा, आणि ती कधीही कोरी सोडू नका. मात्र कॉमन कॅरिअरचे प्रमाणपत्र हातात येईपर्यंत त्यातले पहिले पान कोणाला देऊ नका, ओळखीच्या आडत्यालाही नाही.