गंधर्वलोकातली सभा रंगमंचावर कशी दाखवावी?

प्रश्न (खानापूर)
गणपतीत गल्लीतल्या पोरांचं नाटक बसवतोय. त्यात गंधर्वलोकातली सभा आहे, जिथं गाण्यावाचून दुसरं कामच नाही. धूर, निळे दिवे सगळेच करतात. मला ती जागा कानाला कळायला हवी. काय करू?

उत्तर (शहापूर, बेळगाव)
दादा, दिवे राहू देत, दोन तानपुरे आणा. माझ्याकडं मिरजेचा आहे, रोज लावते. तारा सुरात आल्या तरी आवाज आधी मुकाच असतो. मग घोडीवर, म्हणजे तारा टेकतात त्या पट्टीवर, तारेखालचा जवारीचा दोरा केसभर सरकवायचा. एका जागी तार अशी झंकारते की खर्जातून, म्हणजे खालच्या ‘सा’च्या तारेतून, कुणी न छेडलेला गंधार, म्हणजे ‘ग’, ऐकू येतो! माझ्या मते गंधर्वलोक तो हाच. पडदा उघडायच्या आधी अंधारात तेवढंच वाजू द्या. पोरं चुळबुळतील, चुळबुळू देत. रेकॉर्डिंग मात्र लावू नका.

उत्तर (निपाणी)
गंधर्वांचा गवई तुंबरू, त्याला घोड्याचं तोंड, तेव्हा मुखवटा हवाच. आणि सभेत आपली माणसंही बसवा की! कुमार गंधर्व बेळगावजवळच्या सुळेभावीचे, जन्म १९२४ चा. धारवाडचे मल्लिकार्जुन मन्सूर त्यांच्याहून मोठे, १९१० चे. दोघंही १९९२ सालीच गेले. एकाला गायला लावा, दुसऱ्याला दाद द्यायला.

प्रश्नकर्ता
हे फारच आवडलं. काकू, तानपुरे मिळाले तर लावून द्यायला याल का? न्यायला गाडी पाठवतो. लाइटवाल्याला आजच नको म्हणून सांगतो.