निनॉय अक्विनो मारला गेला नसता तर?

तिरपागडा:
आशियातल्या घराणेशाहीवर गप्पा चालल्या असताना परवा एकाने ठोकून दिलं, "निनॉय अक्विनो विमानतळावर मेला म्हणून मोठा झाला. जगला असता तर दुसरा मार्कोसच झाला असता." (निनॉय म्हणजे फिलिपिन्सचा हुकूमशहा मार्कोस याचा मोठा विरोधक, १९८३ मध्ये मनिलाच्या विमानतळावर गोळी घालून मारलेला.) फिलिपिन्समध्येही असं म्हणणारे कमी नाहीत. २०२२ मध्ये त्या हुकूमशहाचे चिरंजीव, धाकटे मार्कोस, ३ कोटींहून जास्त मतं घेऊन राष्ट्राध्यक्ष झाल्यापासून तर जास्तच. मला हे पटत नाही.

आधी जे पटतं ते. निनॉय साधुसंत नव्हता. तारलाक प्रांतातल्या जमीनदार घराण्यातला, बोलण्यात पटाईत आणि प्रत्येक गोष्टीत घाई. १७व्या वर्षी 'मनिला टाइम्स'साठी कोरियन युद्धाच्या बातम्या पाठवत होता. १९५४ मध्ये हुक या कम्युनिस्ट शेतकरी बंडखोरांचा नेता लुइस तारुक शरण आला, त्यामागच्या बोलणी-वाटाघाटीत हा होता. लगेच पुढच्या वर्षी आपल्या कॉन्सेप्सियॉन गावचा महापौर, आणि वय भरत नव्हतं म्हणून ते पद नंतर गेलं. मग तारलाकचा गव्हर्नर. १९६७ मध्ये सिनेटवर निवडून आलेला लिबरल पक्षाचा तो एकटा उमेदवार, आणि वयाचा वाद तिथेही झालाच! १९७३ मध्ये मार्कोसची घटनेनुसार शेवटची मुदत संपणार होती आणि पुढचा राष्ट्राध्यक्ष हाच, असं बरेच जण धरून चालले होते.

सप्टेंबर १९७२ मध्ये मार्शल लॉ आला. पहिल्याच रात्रीच्या अटकांत निनॉय. तिथून ७ वर्षं ७ महिने कैद. १९७३ मध्ये त्याला आणि सिनेटर दिओक्नोला डोळे बांधून लाऊरच्या लष्करी तळावर नेऊन एकेकटं कोंडलं. विष घालतील या भीतीने निनॉय तिथे धड जेवतही नव्हता. लष्करी न्यायासनापुढे आपण बचाव करणार नाही, असं त्याने सांगितलं, कारण फिर्यादी, न्यायाधीश आणि शिक्षा माफ करणारा, सगळे एकाच माणसाच्या हाताखालचे. १९७५ मध्ये ४० दिवसांचं उपोषण, म्हणजे आपल्याकडे आणीबाणी लागायच्या साधारण दीड महिना आधी ते सुटलं. नोव्हेंबर १९७७ मध्ये गोळ्या घालून मारण्याची शिक्षा झाली, पण अमलात आणली नाही. नुसती खुर्ची हवी असलेल्या माणसाने यातल्या कुठल्याही टप्प्यावर तडजोड केली असती. मार्कोसला ती आवडलीच असती.

ऊसकरी:
लेख मन लावून लिहिलाय. पण एक नाव त्यात शोधूनही सापडत नाही: हासिएन्दा लुइसिता.

तारलाकमधली सुमारे ६,४०० हेक्टर ऊसजमीन आणि साखर कारखाना. १९५७-५८ मध्ये निनॉयच्या सासऱ्यांनी सरकारी पाठबळाच्या कर्जावर ती घेतली. कर्जाला अट अशी की पुढे जमीन कुळांना वाटायची. सुरुवातीला कारभार कोणाकडे? जावईबापूंकडे. वाटपाची १० वर्षांची मुदत १९६७ ला संपली. त्या वेळी जावईबापू त्याच प्रांताचे गव्हर्नर होते आणि त्याच वर्षी सिनेटवर गेले. एक एकर हलली नाही.

पुढचं तर सगळ्यांसमोर आहे. १९८५ मध्ये कोर्टाने जमीन सरकारजमा करून वाटायचा आदेश दिला. १९८६ मध्ये मार्कोसची सत्ता जाऊन निनॉयची बायको कोरी अक्विनो राष्ट्राध्यक्ष झाल्यावर, १९८८ मध्ये, सरकारनेच तो खटला सोडून दिला. जमिनीऐवजी मजुरांच्या हातात कंपनीचे शेअर ठेवले. जानेवारी १९८७ मध्ये मनिलातल्या मेंदिओला रस्त्यावर जमीन मागायला आलेल्या मोर्चावर गोळीबार, १३ मेले. नोव्हेंबर २००४ मध्ये खुद्द लुइसितातल्या संपावर गोळीबार, ७ मेले. शेवटी वाटपाचा निकाल २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाकडून आला.

आमच्या सांगली-कोल्हापुरात साखरसम्राटांना आपण नावं ठेवतो, पण ऊस निदान शेतकऱ्याच्या सातबाऱ्यावरचा असतो. लुइसितात पिढ्यानपिढ्या नुसते मजूर. नवरा देशासाठी मेला हे खरं, पण त्याच्या मरणाच्या पुण्याईवर सासुरवाडीची जमीन वाचली हेही तितकंच खरं.

तिरपागडा:
@ऊसकरी, जमिनीबद्दल तुमच्याशी भांडणार नाही. पण १९८३ मध्ये गेलेल्या माणसाच्या खात्यावर १९८८ चा निर्णय कसा मांडता?

ऊसकरी:
१९६७ चा मांडतोय ना! १९८८ ला बायकोने जे केलं, तेच २१ वर्षं आधी यांनी केलं होतं. तुरुंगात तो खुर्चीसाठी वाकला नाही म्हणता, मान्य. पण लुइसितातल्या मजुरांना जमीन देऊन टाकू, असं तो सुटल्यावर कधी बोलला?

डेकवरचा:
मी जहाजावर असतो, आमचा निम्मा क्रू फिलिपिनो. तुमच्या वादातलं जे मला तिथे रोज ऐकू येतं ते सांगतो.

बोसन (डेकवरच्या खलाशांचा मुकादम) इलोकोस नॉर्तेचा, म्हणजे मार्कोसच्या गावाकडचा. त्याच्यासाठी थोरला मार्कोस म्हणजे रस्ते आणि दवाखाने. विषय संपला. पण विशीतल्या पोरांचं वेगळंच. त्यांनी मार्शल लॉ बघितला नाही, मोबाइलवर 'सुवर्णयुगा'चे व्हिडिओ बघितले. सुमारे २६ अब्ज डॉलरचं परकीय कर्ज मागे ठेवून थोरले गेले, ऑक्टोबर १९८३ मध्ये देशाला हप्ते थांबवावे लागले, हे त्या व्हिडिओंत नसतं. मी एकदा काढलं तर एक जण म्हणाला, "मग नंतर पिवळ्यांनी काय दिलं?" अक्विनोवाल्यांना ते हिणवून 'दिलावान' म्हणतात. तेच पिवळे, त्यांच्या रंगावरून.

गंमत बघा, माणसं कामाला परदेशी धाडायची सरकारी व्यवस्था १९७४ च्या कामगार कायद्याने मार्कोसने बसवली. आणि ही पोरं घर सोडून निघतात ती निनॉयच्या नावाच्या विमानतळावरून. १९८६ नंतरही निघतच राहिली.

कलम३०२:
खुनाबद्दल इथे अजून कुणी सिद्धान्त मांडलेला नाही, पण मांडतीलच, म्हणून आधीच सांगते. २१ ऑगस्ट १९८३ ला सैनिक त्याला विमानातून खाली घेऊन गेले आणि डोक्यात मागून गोळी लागली. रोलांदो गालमान नावाच्या माणसाने मारलं असं सरकारने सांगितलं. तोही तिथेच मारला गेला. १९८४ मध्ये आग्रावा आयोगाने लष्करी कट असल्याचं म्हटलं. डिसेंबर १९८५ मध्ये सरसेनापती वेरसह सगळे निर्दोष. सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल रद्द केला, नव्याने खटला चालला आणि १९९० मध्ये १६ सैनिकांना जन्मठेप. हुकूम कुणाचा होता, हे कोर्टात कधीच सिद्ध झालं नाही. आधी बायको आणि मग मुलगा, दोघंही राष्ट्राध्यक्ष होऊन गेले तरी नाही. त्यामुळे अमकीने मारवला, तमक्याने मारवला, हे कृपया पुराव्यासकट.

चहाबाज:
माझा मुद्दा थोडा खवचट आहे. निनॉयच्या अमेरिकेतून मायदेशी परतण्याला सगळे बलिदान म्हणतात. अहो, १९८३ मध्ये मार्कोसची मूत्रपिंडं निकामी होत होती. खुर्ची रिकामी होणार हे निनॉयला दिसत होतं आणि बॉस्टनमध्ये बसून राहिलो तर दुसरा कुणी बसेल हेही. शुद्ध राजकीय हिशोब. शिवाय १९८० मध्ये बायपाससाठी बाहेर सोडताना परत येईन आणि राजकारणावर बोलणार नाही असा शब्द दिला होता. तो मोडला आणि वर म्हणाला, सैतानाशी केलेला करार हा करारच नव्हे.

तिरपागडा:
हिशोब होताच. पण मार्कोसची बायको इमेल्दा न्यूयॉर्कला भेटून येऊ नकोस म्हणते, जिवाला धोका आहे असं सांगते, पासपोर्ट मिळत नाही, तर हा मार्सियाल बोनिफासियो नावाचा पासपोर्ट मिळवून तैपेईहून विमान पकडतो. बुलेटप्रूफ जाकीट घालतो आणि बरोबरच्या पत्रकारांना सांगतो की डोक्यात मारली तर याचा उपयोग नाही. इतकं कळत असताना जो येतो, त्याच्या हिशोबात स्वतःचं मरणही धरलेलं असतं. विमानतळावर वाचायच्या, पण वाचायला न मिळालेल्या निवेदनात त्याने गांधीजींचा हवाला दिला होता: निरपराध माणसाने स्वेच्छेने केलेला त्याग हे उद्दाम जुलमाला सगळ्यात प्रभावी उत्तर.

आणि मेला म्हणून मोठा झाला म्हणणाऱ्यांनी १९७८ बघावं. कोठडीतूनच लाबान पक्ष काढून संसदेची निवडणूक लढवली. ६ एप्रिलच्या रात्री मनिलाभर लोकांनी भांडी बडवली, गाड्यांचे भोंगे वाजवले. दुसऱ्या दिवशी राजधानीतल्या सगळ्या २१ जागा इमेल्दाच्या यादीला गेल्या, एकही सोडली नाही. ती मतमोजणी कशी झाली असेल ते सांगायला नको. तेव्हा निनॉय जिवंत होता.

ऊसकरी:
भांडी मनिलात वाजली. तारलाकच्या उसात त्या रात्री काय वाजलं? तुमचा निनॉय शहराचा नेता होता, हे तुमच्याच उदाहरणाने सिद्ध होतंय. आणि निनॉयच्या नावाचं नाणं २०२२ मध्ये गावांत का चाललं नाही, याचं अर्धं उत्तरही तिथेच आहे. उरलेलं अर्धं डेकवरच्याने दिलंय.

तिरपागडा:
राजधानीतून लढत होता म्हणून राजधानीत वाजली, साहेब. तारलाकमध्ये उमेदवार उभाच नव्हता तो.