सख्खं भावंडं निवडणुकीला उभं राहिलं तेव्हा… तुमचे अनुभव सांगा

2010 ला ब्रिटनच्या लेबर पार्टीच्या नेतेपदासाठी मिलिबँड बंधू आमनेसामने आले, धाकट्या एडने थोरल्या डेव्हिडला 50.65 विरुद्ध 49.35 टक्क्यांनी हरवलं, आणि 2013 ला थोरला खासदारकी सोडून न्यूयॉर्कला निघून गेला. तुमच्याकडे असं कोणी उभं राहिलंय का? लिहा, फक्त पक्षांची नावं नकोत, उगाच राडा होतो.

--

ताई उभी होती. तिचा पक्ष मला अजिबात पटत नाही, हे तिलाही माहिती. म्हणाली मत कुणाला द्यायचं ते तुझं तू बघ, पण खर्चाची वही तू सांभाळ, पैशाला बाहेरचा माणूस नको. मग काय, रोज रात्री गाड्यांच्या डिझेलची, मांडवाची, पत्रकांची बिलं लावत बसायचो आणि कार्यकर्ते तोंडावर विचारायचे, सख्खा भाऊ असून डीपीला ताईंचा फोटो नाही? त्यात समोरच्यांनी माझी जुनी पोस्ट शोधून फिरवली, 'घरच्यांनाच पटत नाही' म्हणून. ताईचा फोन आला, म्हटलं आता शिव्या बसणार, तर विचारते काय, बॅनरवाल्याचं बिल चढवलंस का! मत कुणाला दिलं ते तिने आजवर विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

--

नशीबवान आहात. आमचा दादा पडला आणि नंतर बूथनिहाय आकडे घेऊन बसला. आमच्याच बूथवर नातेवाईक मोजले तेवढीही मतं नव्हती. मग जेवताना एकेकाकडे बघायचा. धाकट्या वहिनीशी बोलणं बंद आहे ते आजतागायत, पुरावा काही नाही.

--

2018 ला अमेरिकेत खासदार पॉल गोसार यांच्या सहा भावंडांनी विरोधी उमेदवाराच्या जाहिरातीत काम केलं होतं, तरी ते निवडून आलेच. मला त्यापेक्षा ब्रिटनचा मंत्री जो जॉन्सन बरा वाटतो, भाऊ बोरिस पंतप्रधान असताना 2019 ला कुटुंबनिष्ठा आणि देशहितात ओढाताण होतेय म्हणत सरळ मंत्रिपद सोडलं. पटत नसेल तर बाजूला व्हा, चव्हाट्यावर कशाला?

--

बाजूला व्हा म्हणणं सोपंय हो. आमचे दोघे भाऊ समोरासमोर होते, आईने दोघांनाही ओवाळलं आणि मतदानाला गेलीच नाही, तर दोघेही तिच्यावरच चिडले. मी बहीण, दोघांच्या प्रचाराला नाही म्हटलं, आता जिंकलेला म्हणतो तू त्याची आणि हरलेला म्हणतो तू याची.